आरमार कोणाच्या बळावर तरते?



आरमारासारखा विषय कामगार चळवळीतल्या माणसाने का घ्यावा, असा प्रश्न ही व्याख्यानमाला भरवणाऱ्या मंडळींनीच आम्हांस विचारला होता. प्रश्न रास्त आहे. आम्ही इतिहासाचे पदवीधर नव्हे. जे वाचले ते दिवसाच्या सभा आणि वाटाघाटी आटोपल्यावर, रात्री, मिळेल त्या वाचनालयात बसून वाचले. परंतु गोदीतल्या माणसांत वावरताना एक गोष्ट मनात घर करून राहिली. नवे जहाज पाण्यात सोडावयाचा समारंभ होतो तेव्हा नारळ वाढवणाऱ्या पाहुण्याचे नाव दुसऱ्या दिवशीच्या वर्तमानपत्रात येते. ज्याने त्या जहाजाच्या बुडाचे सांधे जोडले त्याचे येत नाही. जहाज तरते ते मात्र त्या सांध्यांवर. इतिहासाच्या ग्रंथांची चालही पुष्कळदा त्या वर्तमानपत्रासारखीच असते. म्हणून आपल्या आरमाराचा गेल्या साडेतीनशे वर्षांचा जमाखर्च आज आम्ही त्या सांध्यांच्या बाजूने मांडणार आहोत. लोथलची गोदी किंवा राजेंद्र चोळाची सागरी स्वारी ह्यांच्याकडे आज वळणार नाही. तो स्वतंत्र व्याख्यानाचा विषय आहे.

अमेरिकन आरमारातील अधिकारी आल्फ्रेड मॅहन ह्याने १८९० साली सागरी सत्तेच्या इतिहासावर एक ग्रंथ लिहिला. सागरी सत्ता कशावर उभी राहते हे सांगताना त्याने सहा गोष्टी गणल्या आहेत: देशाचे स्थान, किनाऱ्याची ठेवण, मुलखाचा विस्तार, लोकसंख्या, लोकांचा स्वभाव आणि राज्यकर्त्यांचे धोरण. ह्यातील चौथ्या गोष्टीविषयी त्याने केलेला खुलासा आम्हांस फार मोलाचा वाटतो. तो म्हणतो, देशातली एकूण डोकी मोजून उपयोग नाही; समुद्रावर आणि गोदीत ज्यांचा हात बसलेला आहे अशी माणसे किती, ती मोजावी. मॅहन काही कामकऱ्यांचा कैवारी नव्हता. साम्राज्ये वाढवू पाहणाऱ्यांनीच त्याचा ग्रंथ डोक्यावर घेतला. पण मर्मावर त्याने नेमके बोट ठेवले. जहाज पैसा टाकला की विकत मिळते, तोफाही मिळतात. वारा ओळखणारा तांडेल आणि लाकडाचा कस जाणणारा सुतार मात्र असा आयत्या वेळी मिळत नाही. तो पिढ्यांनी घडतो, आणि ज्याने त्याला आपला मानला त्याच्यापाशीच तो टिकतो. हा नियम आपल्या इतिहासाला लावून पाहू.

कल्याणच्या खाडीत

१६५७ च्या अखेरीस कल्याण-भिवंडी शिवाजीमहाराजांच्या हाती आली आणि मराठी राज्य समुद्राला जाऊन भिडले. समुद्र मात्र मोकळा नव्हता. जंजिऱ्याचा सिद्दी किनाऱ्यावरच्या रयतेला लुटीत होता, माणसे पकडून नेत होता. पोर्तुगीजांचा परवाना घेतल्यावाचून व्यापाऱ्याचे तारू बाहेर काढणे धोक्याचे होते. किनारा आपला आणि पाणी दुसऱ्याचे, अशी स्थिती होती. खाडी होती, सह्याद्रीच्या रानात सागवान होते, पण लढाऊ जहाजे बांधण्याचे कसब ज्यांच्याकडे होते ते लोक पोर्तुगीजांच्या पदरचे.

महाराजांनी त्यांतलेच काही कामास लावले. रुय लैतांव व्हियेगस आणि त्याचा मुलगा ह्यांच्या देखरेखीखाली सुमारे ३४० माणसे १६५९ च्या सुमारास ह्या कामावर होती, असे पोर्तुगीज कागदपत्रांवरून दिसते. वसईच्या पोर्तुगीज कप्तानाच्या ध्यानात लवकरच आले की आज सिद्दीवर जाणारी ही जहाजे उद्या आपल्यावरही येतील. त्याने आतून सूत्रे हलवली आणि ती सारी मंडळी काम टाकून निघून गेली.

ही हकीकत ग्रंथांत दोन ओळींत आटोपते. आम्ही तिच्यापाशी थांबतो, कारण तिच्यात एका राज्याने घेतलेला धडा आहे. भाड्याने आणलेले कसब, मालक बदलला किंवा कोणी भेवडावले की उठून जाते. त्या कारागिरांना दोष देण्यात अर्थ नाही. हे राज्य त्यांचे नव्हते. पाहावयाचे ते इतकेच, की ते गेल्यावर काम थांबले काय? थांबले नाही. १६६४ च्या नोव्हेंबरात मालवणच्या कुरटे बेटावर सिंधुदुर्गाचा पाया घातला गेला. १६६५ च्या फेब्रुवारीत महाराज स्वतः समुद्रमार्गे बसरूरच्या स्वारीवर निघाले, तेव्हा त्यांच्याबरोबर ८५ लहान आणि ३ मोठी जहाजे होती. गोरे कारागीर निघून गेल्यावर पाचसहा वर्षांत एवढा ताफा पाण्यात उभा राहिला. तो कोणी बांधला? एकाही सुताराचे, एकाही लोहाराचे, फळ्यांच्या फटींत कापूस आणि राळ भरणाऱ्या एकाही माणसाचे नाव बखरीत नाही. पण जहाजे होती, म्हणजे बांधणारेही होते. आणि ते ह्याच किनाऱ्यावरचे होते.

जहाजांवरची माणसेही ह्याच किनाऱ्याची: कोळी, भंडारी, गाबीत, दर्यावर्दी मुसलमान. आरमाराच्या अधिकाऱ्यांची नावे पाहा: दर्यासारंग, दौलतखान, मायनाक भंडारी. येथे जात आणि धर्म विचारला गेला नाही. पाण्यावरची अक्कल विचारली गेली. तिचा प्रत्यय १६७९ साली खांदेरीला आला. मुंबईच्या तोंडाशी असलेले हे ओसाड बेट मायनाक भंडाऱ्याने जाऊन बळकावले आणि तटबंदीचे काम चालू केले. इंग्रजांनी आपली जहाजे पाठवून बेटाची नाकेबंदी आरंभली. मागाहून सिद्दीही येऊन मिळाला. तोफांच्या हिशेबाने इंग्रजांचे पारडे जड होते. पण त्यांची जहाजे वाऱ्यावर अवलंबून आणि खोल पाण्यावाचून न चालणारी. मराठ्यांची गलबते वल्ह्यांवर चालणारी, उथळ बुडाची. वारा पडला की इंग्रजांचे जहाज जागच्या जागी डुलत राही आणि गलबते अंधारात किनाऱ्यालगत जाऊन बेटावर दाणागोटा, दारूगोळा, चुना आणि माणसे उतरवून येत. ऑक्टोबरातल्या चकमकीत ‘डोव्हर’ नावाची इंग्रजांची एक गुराबही मराठ्यांच्या हाती लागली. पुढे १६८० च्या आरंभी इंग्रजांनी हा नाद सोडला. तेथे तोफांवर मात केली ती भरती-ओहोटीच्या ज्ञानाने, आणि ते ज्ञान कोणत्याही शाळेत शिकवले जात नव्हते. ते कोळ्याच्या आणि भंडाऱ्याच्या घरात होते.

हा सारा अनुभव रामचंद्रपंत अमात्यांच्या आज्ञापत्रात उतरला आहे. अठराव्या शतकाच्या दुसऱ्या दशकातला हा राजनीतीचा ग्रंथ. आरमार हे राज्याचे स्वतंत्र अंग होय, असे त्यात सांगितले आहे आणि ते वचन आपणां सर्वांना पाठ असते. पण त्याच प्रकरणातल्या दोन आज्ञा फारशा कोणी सांगत नाही. पहिली आज्ञा पगाराची. आरमाराचा खर्च मुलखाच्या उत्पन्नातून नेमून द्यावा. समुद्रावर जे मिळेल त्यावर भागवावे असे करू नये, कारण मग आरमार व्यापाऱ्यांना नाडू लागते आणि बंदरे बुडतात. दुसरी आज्ञा लाकडाची. सागवानासारखे लाकूड परवानगीने तोडावे. पण आंबा आणि फणस ह्यांना रयतेच्या मर्जीवाचून हात लावू नये, कारण ती झाडे तिने लेकरासारखी वाढवलेली असतात. एखादे जुने झाड हवेच असेल तर धन्याला राजी करून, मोल देऊन न्यावे.

बंधुभगिनींनो, ह्या दोन आज्ञा एकत्र वाचून पाहा. खलाशाला ठरलेला पगार आणि झाडाच्या धन्याला ठरलेले मोल, ह्या दोन पायांवर पंत आरमार उभे करू पाहतात. जहाजासाठी रयतेचे झाड लुबाडाल तर जहाज होईल. पण जिच्या रक्षणासाठी ते बांधले तीच त्याच्याकडे शत्रू म्हणून पाहील. ‘आमचा करारनामा आधी मान्य करा, मग उत्पादनाचे बोला’ असे आम्ही मालकांना आज सांगतो. त्यामागचा विचार ह्याहून फारसा निराळा नाही.

विजयदुर्गाची आग

कान्होजी आंग्र्यांच्या काळात ह्या आरमाराने कळस गाठला. १७२१ साली इंग्रज आणि पोर्तुगीज दोघांनी मिळून कुलाब्यावर चाल केली, ती फसली. इंग्रज कान्होजींना चाचा म्हणत. पोर्तुगीजांनी परवाने विकले तर तो कायदा, इंग्रजांनी विकले तर तो व्यापार, आणि आपल्या किनाऱ्यावर आंग्र्यांनी दस्तक मागितले तर ती चाचेगिरी! आमच्या चळवळीला असल्या शब्दांची चांगली ओळख आहे. मालक एकत्र आले की ती संघटना, कामगार एकत्र आले की तो कट, असे म्हणण्याचाही एक काळ होता.

१७२९ साली कान्होजी वारले आणि मुलांमध्ये भाऊबंदकी सुरू झाली. संभाजी आणि मानाजी ह्यांच्या तंट्यात आरमाराचे दोन तुकडे पडले. पुढे विजयदुर्गावर तुळाजी आंग्रे आला. तो पराक्रमी होता, तसाच उद्दामही होता. पेशव्यांचा हुकूम तो मानीत नव्हता, आणि कोकणातल्या लोकांना त्याचा जाच होत असल्याच्या तक्रारी पुण्याला जात होत्या. त्या खोट्या होत्या असे म्हणवत नाही. पण नानासाहेब पेशव्यांनी घरातल्या बंडाळीवर जो उपाय योजला तो रोगापेक्षा भयंकर ठरला. त्यांनी इंग्रजांचे आरमार मदतीस बोलावले.

१७५६ च्या फेब्रुवारीत अॅडमिरल वॉटसनची जहाजे विजयदुर्गासमोर आली. जमिनीवरील इंग्रज फौजेबरोबर रॉबर्ट क्लाइव्ह होता. पेशव्यांची फौज जमिनीच्या बाजूने आलेली होती. आंग्र्यांचा ताफा किल्ल्याच्या आश्रयाला, खाडीत दाटीने उभा होता. ‘रेस्टोरेशन’ हे पूर्वी इंग्रजांकडूनच जिंकून आणलेले मोठे जहाज त्यात होते. त्यावर एक गोळा पडला, जहाजाने पेट घेतला, आणि आग एका जहाजावरून दुसऱ्यावर पसरत गेली. कान्होजींच्या काळापासून जपलेले आरमार पाहता पाहता राख झाले. किल्ल्यात जे द्रव्य सापडले ते इंग्रजांनी आपसांत वाटून घेतले. किल्लाही लगेच सोडला नाही. बाणकोट पदरात पाडून घेतल्यावरच, त्या वर्षाच्या अखेरीस, तो पेशव्यांना परत दिला.

त्या आगीत लाकूड जळाले, एवढीच हानी धरू नये. लाकूड पुन्हा उगवते. मोडली ती घडी. पेशव्यांनी पुढे विजयदुर्गास आपले आरमार ठेवले. आनंदराव धुळपांनी १७८३ साली ‘रेंजर’ हे इंग्रज जहाज पाडाव केले, हा पराक्रम विसरता येत नाही. परंतु मुंबईच्या इंग्रजांना समुद्रावर धाक वाटावा असे बळ पुन्हा उभे राहिले नाही. ज्या सत्तेचे डोळे दिल्ली आणि अटकेकडे लागले होते तिला किनाऱ्यावरचा खलाशी हा आपल्या राज्याचा खांब वाटला नाही. तो आंग्र्यांचा माणूस वाटला. आपल्याच माणसाला दुसऱ्याचा मानले, की त्याला बुडवण्यासाठी शत्रूची मदत घेण्याचाही संकोच उरत नाही.

मुंबईची गोदी

विजयदुर्ग पेटला तेव्हा मुंबईत निराळेच काम चालू होते. १७३६ च्या सुमारास कंपनीने सुरतेहून लवजी नसरवानजी वाडिया ह्या पारशी सुतार-मिस्त्र्याला मुंबईस आणले. त्याच्याबरोबर त्याचे काही सुतार आले. १७५० साली मुंबईची पहिली कोरडी गोदी तयार झाली. वाडियांच्या घराण्याने पिढ्यान्‌पिढ्या तेथे मिस्त्रीपण केले. मलबारचे सागवान, सुरतेचे आणि कोकणचे हात, आणि हिशेबाची वही मात्र लंडनची, असा हा कारखाना होता.

त्या हातांचे कसब केवढे होते ह्याला आजही साक्षी आहे. मुंबईत १८१७ साली पाण्यात सोडलेली ‘त्रिंकोमाली’ ही युद्धनौका इंग्लंडात हार्टलपूल येथे अद्याप तरंगते आहे. १८२४ साली बांधलेली ‘एशिया’ १८२७ च्या नव्हारिनोच्या लढाईत इंग्रज अॅडमिरलचे निशाण मिरवीत होती. आणि १८१३ साली बांधलेल्या ‘कॉर्नवॉलिस’वर २९ ऑगस्ट १८४२ रोजी, अफूच्या युद्धात हरलेल्या चीनकडून नानकिंगच्या तहावर सही घेण्यात आली. हाँगकाँग इंग्रजांना गेले ते ह्याच तहाने. मुंबईच्या सुताराने घासून गुळगुळीत केलेल्या फळ्यांवर बसून एका आशियाई राष्ट्राच्या मानेवर जू ठेवले गेले! सुताराचा त्यात काय अपराध? तथापि आपले कसब कोणाच्या कामी येते आहे हा प्रश्न कामकऱ्याने कधीच विचारू नये काय, हेही त्या फळ्या आपणांस विचारतात.

इंग्लंडातल्या जहाज बांधणाऱ्यांना ही स्पर्धा खुपू लागली आणि त्यांनी हिंदी जहाजांविरुद्ध ओरड केली. एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या पंचविशीत पार्लमेंटने असे कायदे केले की हिंदी खलाशी, ज्याला ते लास्कर म्हणत, तो राज्याचा प्रजाजन असला तरी जहाजावरच्या माणसांच्या हिशेबात ‘ब्रिटिश खलाशी’ म्हणून धरला जाऊ नये. जहाज हिंदी सागवानाचे चालेल, खलाशी हिंदी चालेल, मजुरी हिंदी दराने चालेल. फक्त बरोबरीने मोजला जाणे चालणार नाही. वाडिया घराण्यातल्या जमशेटजींनी एका जहाजाच्या आतल्या तुळईवर, हे जहाज एका काळ्या माणसाने बांधले आहे, असे कोरून ठेवले होते अशी आख्यायिका आहे. घडले असो वा नसो, ती आख्यायिका निर्माण व्हावी अशी परिस्थिती खचितच होती. पुढे लोखंडाची आणि वाफेची जहाजे आली आणि सागवानी जहाजांबरोबर मुंबईच्या गोदीचे वैभवही ओसरले.

‘तलवार’वरचा संप

कंपनीच्या ‘बॉम्बे मरीन’ने पुढे अनेक नावे बदलली आणि १९३४ साली ती ‘रॉयल इंडियन नेव्ही’ झाली. दुसरे महायुद्ध सुरू झाले तेव्हा तिच्यात दोन हजारही माणसे नव्हती. युद्ध संपता संपता ती संख्या वीस हजारांच्या वर गेली. शिकलेली पोरे जाहिराती वाचून भरती झाली. अटलांटिकपासून ब्रह्मदेशापर्यंत लढली. आणि परत आल्यावर त्यांना काय दिसले? गोऱ्या नाविकाला एक पगार आणि काळ्याला दुसरा, ताटात खडे असलेला भात, वरिष्ठांच्या तोंडी शिव्या, आणि युद्ध संपल्याने हातात लवकरच पडणारी नारळ-सुपारी.

मुंबईत ‘तलवार’ हे बिनतारी संदेश शिकवणारे ठाणे होते. तेथे बलाईचंद्र दत्त नावाच्या तरुण नाविकाने व त्याच्या साथीदारांनी आधीच भिंतींवर ‘भारत छोडो’च्या घोषणा रंगवल्या होत्या, त्यासाठी दत्त पकडलाही गेला होता. १८ फेब्रुवारी १९४६ रोजी सकाळी ‘तलवार’वरच्या नाविकांनी जेवण नाकारले आणि कामही नाकारले. दुसऱ्या दिवशी संप मुंबईतल्या जहाजांवर पसरला आणि नाविकांनी मध्यवर्ती संप समिती निवडली. एम. एस. खान अध्यक्ष, मदनसिंग उपाध्यक्ष. देशाच्या फाळणीची भाषा चालली असताना एक मुसलमान आणि एक शीख शेजारी बसून आरमाराचा कारभार पाहू लागले. जहाजांवर काँग्रेसचा, मुस्लिम लीगचा आणि कम्युनिस्टांचा, असे तिन्ही झेंडे चढले. कराची, मद्रास, कलकत्ता करता करता सत्तरांवर जहाजे आणि वीस ठाणी संपात आली.

त्यांच्या मागण्या आम्ही पहिल्यांदा वाचल्या तेव्हा थक्क झालो. चांगले अन्न, समान पगार, शिवीगाळ करणाऱ्या अधिकाऱ्यावर कारवाई, नोकरीतून सोडताना न्याय्य वागणूक: ही कोणत्याही गिरणीतल्या मागणीपत्रकाची भाषा. आणि त्याच कागदावर पुढे आझाद हिंद सैनिकांची व राजबंद्यांची सुटका करा आणि इंडोनेशियातून हिंदी फौजा काढून घ्या, ह्या मागण्या. शंभर वर्षांपूर्वी मुंबईच्या फळ्यांवर चीनचा तह झाला तेव्हा कोणी विचारले नव्हते. १९४६ साली नाविकाने विचारले, की आमचे हात दुसऱ्या आशियाई राष्ट्राला गुलाम करण्याच्या कामी का लावता?

२१ तारखेला कॅसल बराकीवर गोळीबार झाला आणि आतल्या नाविकांनी उलट गोळ्या झाडल्या. अन्न तोडले गेले, तेव्हा मुंबईकरांनी गेटवेपाशी येऊन पाव, फळे, शिधा होड्यांतून जहाजांकडे पाठवला. २२ तारखेला मुंबई बंद झाली. गिरण्यांचे भोंगे वाजले पण साचे चालले नाहीत. लालबाग-परळच्या रस्त्यांवर लष्कराच्या गाड्या फिरल्या आणि गोळ्या झाडीत गेल्या. परळला कमल दोंदे ह्या कार्यकर्त्या गोळी लागून पडल्या. सरकारी आकड्यांप्रमाणेच त्या दोनतीन दिवसांत मुंबईत दोनशेहून अधिक माणसे मारली गेली. आरमारातल्या नाविकासाठी गिरणीतला जॉबर आणि साचेवाला रस्त्यावर मेला, ही घटना जगाच्या कामगार चळवळीतही विरळा.

२३ तारखेला पहाटे समितीने संप मागे घेतला. वल्लभभाई पटेलांनी शरण जाण्याचा सल्ला दिला होता आणि कोणावर सूड उगवला जाऊ नये ह्यासाठी प्रयत्न करण्याचे आश्वासन दिले होते. लीगचेही सांगणे तेच. हिंदुस्थानला आपण शरण जात आहोत, ब्रिटनला नव्हे, असे नाविकांनी जाहीर केले. पटेलांची बाजूही समजून घ्यावयास हवी. उद्या हेच सैन्य स्वतंत्र देशाचे होणार, त्यात शिस्त मोडण्याचा पायंडा पडू नये, असे त्यांचे म्हणणे होते. ते पोकळ नव्हते. त्याचप्रमाणे, ह्या संपामुळेच ब्रिटिश मंत्र्यांचे शिष्टमंडळ हिंदुस्थानात आले असे काही मित्र सांगतात, तेही खरे नाही. त्याची घोषणा १९ फेब्रुवारीस झाली असली तरी निर्णय आधीच ठरला होता. आपल्या बाजूची म्हणून खोटी नोंद जमेस धरणे आम्हांस पसंत नाही. संपाची उणीवही सांगितली पाहिजे. एका दिवसात निवडलेली समिती, किनाऱ्यावरच्या नेत्यांशी आधी बोलणे नाही, पुढचे पाऊल ठरलेले नाही. तयारीवाचून पुकारलेला संप किती दिवस टिकतो हे आम्ही स्वानुभवाने जाणतो.

पण मग पुढे काय झाले? न्यायमूर्ती फझल अली ह्यांच्या अध्यक्षतेखाली चौकशी समिती बसली आणि नाविकांची गाऱ्हाणी तिला निराधार वाटली नाहीत. तरीही शेकडो नाविक अटकेत गेले, नोकरीतून काढले गेले. देश स्वतंत्र झाला. २६ जानेवारी १९५० पासून आरमाराच्या नावातले ‘रॉयल’ गेले. पण संपात काढलेल्या पोरांना स्वतंत्र भारताच्या आरमाराने परत घेतले नाही. स्वातंत्र्यसैनिक म्हणून त्यांची दखल घेतली जावयास पंचवीस-तीस वर्षे लागली. कॅसल बराकीच्या ठाण्याला स्वतंत्र भारताने ‘आंग्रे’ हे नाव दिले, हे योग्यच झाले. ज्यांनी त्याच ठाण्यात गोळ्या झेलल्या त्यांच्या नावाचे स्मारक मुंबईत कुलाब्याला उभे राहावयास एकविसावे शतक उजाडले.

शिस्तीविषयी आमचे म्हणणे एवढेच आहे: शिस्त आणि मान ही एकाच दोराची दोन टोके होत. एक सोडून दुसरे ओढले की दोर हातात राहतो आणि जहाज सुटते.

आजचा हिशेब

स्वातंत्र्यानंतरची वाटचाल अभिमानाची आहे. १९५८ साली रामदास कटारी हे आरमाराचे पहिले भारतीय प्रमुख झाले. १९६० साली माझगाव गोदी सरकारने आपल्याकडे घेतली आणि त्याच गोदीत बांधलेली ‘निलगिरी’ १९७२ साली आरमारात दाखल झाली. १९७१ च्या डिसेंबरात आपल्या क्षेपणास्त्र बोटींनी कराचीवर हल्ला केला. त्याच युद्धात ‘खुकरी’ बुडाली. कप्तान महेंद्रनाथ मुल्ला आपल्या जहाजाबरोबर गेले हे आपण सर्व जाणतो. त्यांच्यासह १८ अधिकारी आणि १७६ नाविक गेले. हा दुसरा आकडाही मोठ्याने म्हणण्याची सवय आपण लावून घेतली पाहिजे.

२ सप्टेंबर २०२२ रोजी कोचीनच्या गोदीत बांधलेली ‘विक्रांत’ आरमारात आली. सुमारे ४५ हजार टनांचे हे विमानवाहू जहाज. तिच्यासाठी परदेशातून यावयाचे पोलाद वेळेवर मिळेना, तेव्हा ते आपल्याच शास्त्रज्ञांनी आणि आपल्याच कारखान्यांनी तयार केले. कल्याणच्या खाडीतला धडा आपण विसरलो नाही, असे त्या दिवशी वाटले. त्याच दिवशी आरमाराच्या नव्या निशाणावर शिवाजीमहाराजांच्या मुद्रेची अष्टकोनी आकृती आली.

निशाणावर मुद्रा आली. अमात्यांच्या त्या दोन आज्ञा कोठे आल्या, हे विचारावयाचे राहिले आहे. आज गोद्यांतून कंत्राटी कामगार मोठ्या संख्येने राबतो. सांधा जोडणारा वेल्डर आज ह्या ठेकेदाराकडे, उद्या त्या ठेकेदाराकडे. त्याचा हात बसतो तोच त्याची पावती फाटते. २०२२ साली सैन्यभरतीची जी नवी योजना आली तीत नाविकही चार वर्षांसाठी घेतला जातो आणि त्यांतल्या चारांपैकी फार तर एकाला पुढे कायम करावयाचे असे ठरले. सरकारची कारणे असतील. सैन्य तरुण राहावे, निवृत्तिवेतनाचा भार हलका व्हावा. पण यंत्राच्या आवाजावरून बिघाड ओळखणारा नाविक किती वर्षांत तयार होतो, हे कोणत्याही जुन्या तांडेलाला विचारून यावे. २०१३ च्या ऑगस्टात मुंबईच्या गोदीत ‘सिंधुरक्षक’ पाणबुडीच्या स्फोटात १८ जण गेले. पुढल्या फेब्रुवारीत ‘सिंधुरत्न’ पाणबुडीत धूर झाला, दोन अधिकारी दगावले, आणि आरमारप्रमुख अॅडमिरल जोशी ह्यांनी नैतिक जबाबदारी घेऊन राजीनामा दिला. वरच्याने जबाबदारी घेतली, हे त्यांना भूषणावह आहे. पण जहाज खालून तरते, आणि खालच्या माणसाची जबाबदारी कोणी घ्यावयाची, हा प्रश्न राजीनाम्याने सुटत नाही.

आमचे सांगणे संपले. ते एका वाक्याचे होते आणि त्याला आम्ही इतका वेळ घेतला, ह्याबद्दल क्षमा असावी: ज्या राज्याने समुद्रावरच्या आणि गोदीतल्या माणसाला आपला मानले त्याचे आरमार उभे राहिले, ज्याने त्याला दुसऱ्याचा मानले त्याच्या जहाजांना, दारूगोळा कितीही असो, आगच लागली. आपल्या गावाला समुद्र नाही. पण मुंबईस जाल तेव्हा गेटवेवरून जहाजे पाहून झाल्यावर कुलाब्याच्या त्या स्मारकापर्यंत चालत जा. आणि बरोबर मुले असतील तर त्यांना जहाजाचे नाव सांगाल त्याबरोबर, ते कोणी बांधले असेल, असाही एक प्रश्न विचारा. उत्तर आले नाही तरी चालेल.